जळणे, जाळणे, जळू देणे : कावेरीच्या खोऱ्यातील दोन आगी आणि उत्तरदायित्वाचा माहितीपट

१

पत्रकारितेकडून माहितीपटाकडे वळणाऱ्या लेखक-दिग्दर्शकांविषयी लिहिताना मराठी समीक्षा सामान्यतः माध्यमांतराची भाषा वापरते. शब्दाऐवजी प्रतिमा, स्तंभाऐवजी दृश्य, वाचकाऐवजी प्रेक्षक अशा जोड्या लावून हे स्थलांतर समजावून दिले जाते. या जोड्या खोट्या नाहीत; परंतु न्याय आणि उत्तरदायित्व हा ज्यांचा ध्यास आहे अशा माहितीपटांच्या संदर्भात त्या अपुऱ्या ठरतात. अशा माहितीपटाची प्रेरणा केवळ अधिक दाखवण्याची नसते. बातमीत कर्ता नसलेल्या वाक्याला कर्ता मिळवून देणे, ही त्याची मूळ धडपड असते. हे प्रतिपादन तपासण्यासाठी प्रस्तुत लेखात कुंभकोणम व त्याच्या आसमंतातील दोन आगी आणि त्यांच्याभोवती निर्माण झालेल्या संहिता विचारात घेतल्या आहेत. तुलनेसाठी मराठी मुलुखातील दोन माहितीपट जोडीला घेतले आहेत.

विवेचनाचे साधन व्याकरणातून घेतले आहे. मराठीत ‘जळणे’ हे अकर्मक आणि ‘जाळणे’ हे सकर्मक क्रियापद. ‘माणसे जळाली’ आणि ‘माणसे जाळली’ या दोन वाक्यांत लिपीच्या दृष्टीने फरक आहे तो एका कान्याच्या जागेचा; अर्थाच्या दृष्टीने मात्र एक अपघात आहे व दुसरा गुन्हा. तमिळमध्येही हेच द्वैत ‘एरिदल’ आणि ‘एरित्तल’ या रूपांत आढळते. तेथे एका व्यंजनाच्या द्वित्वाने कर्ता उभा राहतो. इंग्रजीत मात्र दोन्हींसाठी ‘बर्न’ हे एकच क्रियापद चालते, आणि कर्मणी रचनेत तर कर्ता सांगण्याची सक्तीही उरत नाही. तमिळ साहित्य मराठी अभ्यासकापर्यंत पुष्कळदा इंग्रजीच्या वाटेने पोहोचते, हे लक्षात घेता हा भेद केवळ व्याकरणाचा राहत नाही. या दोन क्रियापदांखेरीज दोन्ही भाषांत एक तिसरी रचना आहे : ‘जळू देणे’, तमिळमध्ये ‘एरिय विडुदल’. येथे कर्ता आहे, पण त्याच्या हातात काडी नाही. विसाव्या-एकविसाव्या शतकातील उत्तरदायित्वाचे बहुतेक कठीण प्रश्न या तिसऱ्या रचनेत बसतात.

२

१६ जुलै २००४ रोजी कुंभकोणम येथील श्रीकृष्ण या खासगी अनुदानित शाळेच्या इमारतीला आग लागून ९४ मुले मृत्युमुखी पडली. मुले प्राथमिक वर्गांतील होती. माध्यान्ह भोजनाच्या स्वयंपाकघरातून ठिणगी उडाली, वरचे गवती छप्पर पेटले आणि पेटते छत खाली वर्गांवर आले. एकाच इमारतीत एकाहून अधिक शाळा चालत होत्या. वर्ग दाटीवाटीचे होते व बाहेर पडण्याची वाट अरुंद होती.

बातमीच्या वाक्यात या घटनेचे क्रियापद अपरिहार्यपणे अकर्मक होते. कोणी आग लावली नव्हती. ती लागली होती. बातमीच्या पाच प्रश्नांपैकी ‘काय’, ‘कुठे’, ‘केव्हा’ यांची उत्तरे त्याच दिवशी मिळाली. ‘का’ या प्रश्नाला ‘छप्पर गवती होते म्हणून’ हे उत्तर मिळाले आणि ते पुरेसे वाटले. ‘कोण’ या प्रश्नाखाली फक्त मृतांची गणती आली. परंतु गवती छप्पर ही निसर्गाची गोष्ट नव्हे. त्या छपराखाली वर्ग भरवण्यास कोणीतरी मान्यता दिली होती, कोणीतरी तपासणीचा शेरा लिहिला होता, कोणीतरी इमारत सुरक्षित असल्याचे कागदावर म्हटले होते. हे सारे ‘जळू देणे’ या क्रियेचे कर्ते होते आणि ते कागदांच्या थरांत विखुरलेले होते.

न्यायसंस्थेने या थरांपर्यंत जाण्याचा प्रयत्न केला, पण तिचा काळ निराळा होता. न्यायमूर्ती संपत यांच्या चौकशी आयोगानंतर खटला उभा राहिला व तंजावरच्या न्यायालयाचा निकाल ३० जुलै २०१४ रोजी, म्हणजे दहा वर्षांनी आला. १० जण दोषी ठरले, ११ जण सुटले; शाळेच्या संस्थापकाला जन्मठेप झाली. २०१७ साली मद्रास उच्च न्यायालयाने ती शिक्षा भोगलेल्या कारावासापुरती कमी केली. दरम्यान २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने याच आगीच्या निमित्ताने दाखल झालेल्या याचिकेवर निर्णय देताना सुरक्षित शाळा हा शिक्षणाच्या हक्काचाच भाग असल्याचे सांगितले. तिसऱ्या क्रियापदाला घटनात्मक मान्यता देणारा हा निर्णय होता. मात्र त्यात कर्ता ‘राज्यसंस्था’ असा व्यापक झाला, तर फौजदारी खटल्यात तो व्यक्तीव्यक्तींत विभागून शेवटी जवळजवळ विरून गेला. तत्त्व मान्य व्हावे आणि व्यक्ती निसटाव्यात, या दोहोंच्या मधल्या पोकळीत १६ जुलैला दरवर्षी जमणारे पालक उभे असतात. उत्तरदायित्वाचा माहितीपट ज्या जागेतून बोलतो ती हीच पोकळी होय.

३

ही जागा समजण्यासाठी त्याच जुन्या तंजावर जिल्ह्यातील, ३६ वर्षे आधीच्या दुसऱ्या आगीकडे जावे लागते. २५ डिसेंबर १९६८ च्या रात्री कीळवेण्मणी या गावी (आज नागपट्टिनम जिल्हा) दलित शेतमजुरांची ४४ माणसे, प्रामुख्याने स्त्रिया, मुले आणि वृद्ध, एका झोपडीत जाळून मारण्यात आली. भातकापणीची मजुरी वाढवून मिळावी ही मजुरांची मागणी होती. लाल बावट्याखाली त्यांनी केलेल्या संघटनेला शह देण्यासाठी जमीनदारांनी भात उत्पादकांचा संघ स्थापला होता. येथे क्रियापद निःसंशय सकर्मक होते.

न्यायालयीन प्रवासात मात्र त्या क्रियापदाचा कर्ता गळून पडला. १९७० साली नागपट्टिनमच्या सत्र न्यायालयाने जमीनदार गोपालकृष्ण नायडू व अन्य काही आरोपींना दहा वर्षांची शिक्षा दिली. १९७३ साली मद्रास उच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. त्या निकालातील एक युक्तिवाद पुढे कुप्रसिद्ध झाला : आरोपी मोठ्या जमिनीचे धनी असलेले मिरासदार असून त्यांच्यापैकी एकाकडे मोटारगाडी आहे, असे लोक स्वतः चालत जाऊन झोपड्यांना आग लावतील हे विश्वासार्ह वाटत नाही. त्याच दिवशी झालेल्या जमीनदारपक्षाच्या एका माणसाच्या खुनाबद्दल काही मजुरांना मात्र शिक्षा झाल्या.

‘मिरासदार’ हा शब्द मराठी वाचकाला परका नाही. मराठी मुलुखात मिरास म्हणजे पिढीजात हक्काची जमीन, आणि मिरासदार म्हणजे उपऱ्याच्या तुलनेत गावात मूळ धरून असलेला. १६७६ पासून १८५५ पर्यंत भोसल्यांच्या सत्तेखाली असलेल्या तंजावरातही तो महसुली व्यवहाराचा शब्द होता आणि कावेरीच्या खोऱ्यात तो प्रतिष्ठेचा वाचक बनला. उच्च न्यायालयाच्या युक्तिवादात या शब्दाने पुराव्याचे काम केले, ही गोष्ट तौलनिक अभ्यासकाने नोंदवण्याजोगी आहे. जमिनीवरील हक्क सांगणारे विशेषण क्रियेच्या अशक्यतेचा दाखला झाले. मिरासदार जाळू शकत नाही. म्हणून झोपडी जळाली.

निकालाआधीच या घटनेचे पत्रकारी लेखन सुरू झाले होते. न्यूयॉर्क येथील संयुक्त राष्ट्रसंघाची नोकरी सोडून १९६८ साली परतलेल्या मैथिली शिवरामन घटनेनंतर काही आठवड्यांतच गावात पोहोचल्या. त्यांनी लिहिलेले लेख २०१३ साली ‘हॉन्टेड बाय फायर’ या संग्रहात एकत्र आले. या लेखनाचे वैशिष्ट्य असे की ते आगीपाशी थांबत नाही. मजुरी, कुळे, संघटना आणि पोलीस यांचा हिशेब मांडत ते आगीपर्यंत येते. बातमी परिणामापासून सुरू होते. शिवरामन यांचे लेखन कारणापासून सुरू होते. पुढे इतिहासकार उमा चक्रवर्ती यांनी शिवरामन यांच्यावरच माहितीपट केला. साक्ष नोंदवणारी व्यक्ती स्वतः साक्षीचा विषय व्हावी, ही या परंपरेतील लक्षणीय घटना आहे.

कादंबरीने निराळा मार्ग घेतला. कुंभकोणम येथे वाढलेले इंदिरा पार्थसारथी (पत्नीचे नाव स्वतःच्या नावाआधी जोडून घेतलेले हे लेखननाम) यांनी १९७५ साली ‘कुरुदिप्पुनल’ ही कादंबरी लिहिली. १९७७ साली तिला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. दिल्लीहून खेड्यात आलेल्या सुशिक्षिताच्या नजरेतून ही कादंबरी गावाकडे पाहते. जमीनदाराच्या हिंसेचे मूळ ती त्याच्या लैंगिक न्यूनगंडात शोधते. डाव्या समीक्षकांनी यावर कठोर आक्षेप घेतला. तो आक्षेप केवळ विचारसरणीचा मानून बाजूला सारता येणार नाही. लेखकाने क्रियापद सकर्मकच ठेवले आहे. ‘कोणी जाळले’ हे त्याने लपवलेले नाही. पण ‘का’ याचे उत्तर व्यक्तीच्या मनात सापडताच मजुरीचा प्रश्न पार्श्वभूमी बनतो. न्यायालयाने कर्ता सामाजिक प्रतिष्ठेच्या आड झाकला, तर कादंबरीने तो मनोव्यापाराच्या आड नेला. अर्थात दोन्ही कृती एका मापाने मोजणे अन्यायाचे होईल. कादंबरी निकाल देत नाही, आणि सुशिक्षित पाहुण्याची असहायता तिने ज्या निर्ममतेने दाखवली आहे ती त्या काळच्या भारतीय कादंबरीत सहज आढळणारी नाही. तरीही उत्तरदायित्वाच्या अंगाने पाहता मनोविश्लेषणाची किंमत मोजावी लागली, हे खरे.

या कादंबरीवर आधारलेला श्रीधर राजन यांचा ‘कण सिवंदाल मण सिवक्कुम’ हा चित्रपट १९८३ साली आला व दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. २०१४ साली मीना कंदसामी यांच्या ‘द जिप्सी गॉडेस’ या इंग्रजी कादंबरीने अर्ज, अहवाल अशा दस्तऐवजांची रूपे घेत, मध्येच थांबून स्वतःच्या निवेदनाची उलटतपासणी करत हीच घटना पुन्हा सांगितली. इंग्रजीत कर्ता सहज गळतो याची जाणीव असलेल्या लेखिकेने त्याच भाषेत कर्त्याला दस्तऐवजी पुराव्यानिशी बांधून ठेवण्याचा केलेला हा प्रयत्न म्हणता येईल.

४

या साखळीत भारती कृष्णकुमार यांचा ‘रामय्याविन कुडिसै’ (रामय्याची झोपडी) हा २००५ सालचा माहितीपट येतो. कृष्णकुमार हे मुळात लेखक आणि वक्ते. रूढ अर्थाने ते वार्ताहर नव्हेत. परंतु हत्याकांडातून वाचलेल्यांपर्यंत जाऊन त्यांचे बोलणे नोंदवण्याची त्यांची पद्धत शिवरामन यांच्या पत्रकारितेशी नाते सांगते. घटनेला तोवर ३७ वर्षे होऊन गेली होती. नायडू यांचा १९८० साली खून झाला होता. कायद्याच्या दृष्टीने सिद्ध करायचे काही उरले नव्हते.

मग हा माहितीपट कोणासमोर साक्ष देतो? याचे पहिले उत्तर त्याच्या नावात आहे. कादंबरीचे नाव रक्ताच्या पुराचे, चित्रपटाचे नाव लाल होणाऱ्या डोळ्यांचे व मातीचे, दोन्ही रूपके. माहितीपटाने रूपक नाकारले आणि घराचा पत्ता सांगितला. झोपडीचा मालक कोण हे नावातच येते. उच्च न्यायालयाच्या युक्तिवादात ज्यांची मालमत्ता मोजली गेली ते मिरासदार होते. माहितीपटाने मालमत्तेची नोंद उलट बाजूने केली. ज्याच्याजवळ फक्त एक झोपडी होती त्याच्या नावे ती केली. महसुली भाषेत बोलायचे तर हा एक फेरफार आहे.

दुसरे उत्तर तमिळ संज्ञेत सापडते. मराठीत आपण ‘माहितीपट’ म्हणतो, क्वचित ‘अनुबोधपट’. पहिल्या शब्दात कळवण्याचा भाव आहे, दुसऱ्यात शिकवण्याचा. तमिळमध्ये या प्रकाराला ‘आवणप्पडम’ म्हणतात. ‘आवणम’ म्हणजे दस्त, कागदपत्र, खरेदीखतासारखा लेख. माहिती दिली की तिचे काम संपते. दस्ताचे तसे नसते. तो जपून ठेवायचा असतो, कारण वाद पुन्हा निघेल तेव्हा तो दाखवावा लागणार असतो. वृद्ध झालेल्या साक्षीदारांचे बोलणे नोंदवणारा हा चित्रपट ‘माहिती’ या कल्पनेत नीट बसत नाही, कारण त्यातील मुख्य तथ्ये तमिळ वाचकाला आधीपासून ठाऊक होती. तो आवणम आहे. ज्या साक्षी न्यायालयात अविश्वसनीय ठरल्या त्या भाषेच्या दप्तरात पुन्हा दाखल करणे, हे त्याचे कार्य.

या माहितीपटाचा काळही बोलका आहे. कुंभकोणमच्या शाळेची आग आणि हा चित्रपट यांत जेमतेम वर्षाचे अंतर. एका खोऱ्यातील दोन गवती छपरे, एक जाळलेले व एक जळू दिलेले, प्रेक्षकाच्या मनात शेजारी येणे स्वाभाविक होते. पहिल्या घटनेत कर्ता माहीत असून सुटला. दुसरीत कर्ते अनेक असल्यामुळे कोणालाच पूर्ण दोष लागला नाही. १९६८ ची साक्ष २००५ साली ऐकणाऱ्याला २००४ च्या खटल्याचे भवितव्य अंधुकपणे दिसले असेल, तर २०१७ च्या निकालाने ते खोटे ठरवले नाही.

५

पत्रकारितेतून माहितीपटाकडे येण्याचे अधिक थेट उदाहरण मराठी मुलुखात मिळते. कविता बहल आणि नंदन सक्सेना हे दोघेही पत्रकारिता सोडून चित्रपटाकडे आले. विदर्भातील कापूस उत्पादकांच्या आत्महत्यांवरील त्यांच्या ‘कॉटन फॉर माय श्राउड’ या माहितीपटाला २०११ या वर्षासाठीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट शोधपटाचा मान मिळाला. पुरस्काराच्या या वर्गवारीचे नावच पत्रकारितेच्या व्यवसायातून आलेले आहे, हे येथे सूचक ठरते.

‘आत्महत्या’ हा शब्द वरील व्याकरणाला नवे आव्हान देतो. या नामात कर्ता आणि कर्म एकच असतात. मेलेला माणूसच मारणारा ठरतो. महाराष्ट्र शासनाच्या व्यवहारात त्यावर आणखी एक थर चढला. एक लाख रुपयांच्या मदतीसाठी आत्महत्यांची ‘पात्र’ आणि ‘अपात्र’ अशी विभागणी झाली. जमीन नावावर आहे काय, कर्ज अधिकृत आहे काय, तगादा लागला होता काय, यांवर मृत्यूची पात्रता ठरू लागली. मृताने आपल्या मरणाचे कारण कागदोपत्री सिद्ध करावे अशी ही अपेक्षा. ज्या कापसावर आयुष्य लावले त्याचेच कफन होते, हे या माहितीपटाच्या नावातील विधान त्या विभागणीला उत्तर देते : क्रिया आत्मवाचक दिसते, पण बियाणे, भाव, आयात-निर्यातीचे धोरण आणि कर्ज यांत ‘मरू देणारे’ कर्ते आहेत. दीपा भाटिया यांच्या ‘निरोज गेस्ट्स’ (२००९) मध्ये याच प्रश्नाचा वेध घेणारे पत्रकार पी. साईनाथ पडद्यावर केंद्रस्थानी आहेत. तेथे पत्रकाराची अस्वस्थता हा विषय बनतो. बहल-सक्सेना यांच्याकडे तीच अस्वस्थता दिग्दर्शनात उतरते.

आनंद पटवर्धन हे पत्रकार नव्हेत, तथापि त्यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) वाचून ही तुलना पुरी होत नाही. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जण ठार झाले. काही दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी पुढली १४ वर्षे चित्रीकरण केले. गोळीबाराच्या समर्थनार्थ असे सांगितले गेले होते की जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता. म्हणजे येथे ‘जाळणे’ हे क्रियापद भविष्यकाळात घालून दलित वस्तीच्या माथी मारले गेले. कीळवेण्मणीत मिरासदार जाळणार नाहीत असे गृहीत धरले गेले. घाटकोपरमध्ये वस्ती जाळणारच असे गृहीत धरले गेले. क्रियापदाचा कर्ता कोण होऊ शकतो हे पुराव्याआधी जात आणि प्रतिष्ठा ठरवतात, ही गोष्ट या दोन दूरच्या घटनांच्या तुलनेतून जितकी स्पष्ट होते तितकी एकट्या घटनेतून होत नाही. टँकरची कथा गुंडेवार आयोगाने नाकारली. माहितीपटाने चित्रफितीची बारकाईने फोड करून तिची कालरचना उघडी पाडली. हे काम पत्रकाराचेच आहे. फक्त त्याला लागलेला वेळ कोणतेही दैनिक देऊ शकले नसते.

६

या प्रकाराच्या मर्यादाही ध्यानात घ्याव्या लागतात. पहिली मर्यादा कर्त्याच्या हव्यासाची. वाक्याला कर्ता मिळवून देण्याच्या आग्रहात माहितीपट कधी एकच चेहरा शोधतो आणि ‘जळू देणे’ या रचनेला ‘जाळणे’ या रचनेत कोंबतो. कुंभकोणमच्या संदर्भात एकट्या शाळाचालकावर सारा रोष एकवटणे सोपे होते; त्याने मान्यतेच्या शेऱ्यांची, तपासणीची आणि स्वस्त शिक्षणाच्या व्यवस्थेची साखळी झाकली जाते. खलनायक मिळाला की तिसरे क्रियापद हरवते.

दुसरी मर्यादा करुणेची. मृत मुलांची छायाचित्रे ज्या विपुलतेने छापली गेली त्याने शोक वाढला, पण प्रश्न टोकदार झाला असे म्हणता येत नाही. रडणारी आई पुन्हा पुन्हा दाखवणारा माहितीपट बातमीचेच अकर्मक वाक्य संथ लयीत म्हणत असतो. शोकाला जागा देऊनही शेऱ्याचा कागद, सहीची तारीख आणि छपराचे माप यांवरून नजर न हटवणे ही या रूपाची खरी शिस्त होय. शिवरामन यांचे लेख आज वाचनीय वाटतात ते मजुरीच्या हिशेबामुळे, हे या संदर्भात विसरता कामा नये.

तिसरी मर्यादा अभ्यासकांची स्वतःची आहे. तमिळ संहिता मराठीत येताना पुष्कळदा इंग्रजीतून येते, आणि ‘बर्न्ट टू डेथ’ याचे मराठी ‘जळून मृत्यू’ असे सहज होऊन जाते. मूळ तमिळ वाक्यात ‘एरित्तार्गळ’ असेल तर अनुवादकाने नकळत उच्च न्यायालयाचाच निकाल पुन्हा दिला, असे म्हणावे लागेल. तौलनिक साहित्याभ्यासात सकर्मक-अकर्मकाची ही तपासणी शैलीचा तपशील मानून सोडून देता येत नाही. अत्याचाराच्या संहितांचा अनुवाद करताना प्रत्येक क्रियापद मूळ भाषेशी ताडून पाहणे ही किमान जबाबदारी आहे, आणि त्यासाठी मराठी-तमिळ असा थेट अनुवादव्यवहार वाढवण्याला पर्याय नाही. तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयातील मराठी हस्तलिखिते या दोन भाषांच्या जुन्या सहवासाची साक्ष देतात; त्या सहवासाचा उपयोग केवळ राजवटीच्या गौरवासाठी न होता खोऱ्यातील मजुरांचे आणि मुलांचे बोलणे नेमके ऐकण्यासाठीही व्हावा.

उत्तरदायित्वाचा माहितीपट न्याय देत नाही. देण्याचा अधिकार त्याला नाही. १९६८ ची झोपडी आणि २००४ ची शाळा यांबाबत न्यायालयांनी दिलेले निकाल त्याच्यामुळे बदललेले नाहीत. त्याने केलेले काम मर्यादित असले तरी क्षुल्लक नव्हे. घटना सांगताना आता कोणालाही क्रियापद निवडावे लागते, आणि निवडलेल्या क्रियापदाची जबाबदारी सांगणाऱ्यावर येते.